उभे, आडवे आणि बाजूचे

पाथर्डी तालुक्यात ज्याच्या रानात ठिबक आहे त्या शेतकऱ्याच्या तोंडी 'लॅटरल' हा शब्द दिवसातून कितीदा तरी येतो. दुकानात जाऊन तो 16 एमएमच्या लॅटरलचे बंडल मागतो. कपाशी मोडली की लॅटरल गुंडाळून बांधावर ठेवतो. उन्हाळ्यात पाण्याच्या वासाने आलेल्या उंदरांनी, खारींनी लॅटरल कुरतडल्या की घरी येऊन चिडचिड करतो. विहिरीवरच्या पंपापासून मेन लाइन निघते, मेनमधून सबमेन, आणि सबमेनच्या कुशीतून ओळीओळीने लॅटरल फुटतात. त्या जमिनीवर आडव्याच पडलेल्या असतात, तरी त्यांचे नाव आडवेपणावरून पडलेले नाही. माणिकदौंडीकडे डोंगराच्या पोटाशी असलेल्या चढउताराच्या रानात हीच नळी एका टोकाला उंच आणि दुसऱ्या टोकाला खाली असते. म्हणजे ती आडवी राहत नाही. लॅटरल मात्र राहते. शहरात इमारतीच्या भिंतीवर हिरवळ लावतात तिथे ती सरळ उभी टांगली तरी लॅटरलच. ती कशी पडली आहे याला महत्त्व नसते, ती कुणापासून फुटली आहे याला असते.

या फरकाने बरीच वर्षे माझा पिच्छा सोडलेला नाही. व्हर्टिकल म्हणजे उभे, हॉरिझॉन्टल म्हणजे आडवे, लॅटरल म्हणजे बाजूचे, एवढे शाळेतला मुलगाही सांगेल. पण आडवे आणि बाजूचे यांना आपण सहज एकाच पोत्यात भरतो, आणि ज्या तालुक्यात पाऊस सह्याद्री ओलांडून थकून येतो तिथे या घोळाची किंमत फार मोठी असते.

गवंड्याच्या पिशवीत ओळंबा असतो, पाणसळ असते आणि गुण्या असतो. ओळंबा म्हणजे दोरीला बांधलेले वजन. ते ज्या रेषेत थांबेल ती उभी रेषा. पाणसळीतले पाणी ज्या पातळीत थांबेल ती आडवी. या दोन्ही गोष्टी पृथ्वीच्या ओढीने ठरतात. गवंडी डावरा असो की उजवा, भिंत पाटलाची असो की भूमिहीनाची, ओळंब्याला त्याचे काही नसते. बाजू म्हटले की मात्र लगेच 'कुणाची?' हा प्रश्न येतो. बाजू हवेत नसते. आधी एक अंग लागते, त्याला मध्य लागतो, मग त्या मध्याच्या अल्याड आणि पल्याड बाजू निर्माण होते. दवाखान्यात छातीचा 'लॅटरल व्ह्यू' काढायला सांगतात तेव्हा रुग्ण उभा आहे की झोपलेला आहे याने त्या चित्राचे नाव बदलत नाही. माणूस आडवा झाला म्हणून त्याची कूस काही वर-खाली या नावाने ओळखली जात नाही. ती कूसच राहते. आमच्याकडे विहिरीला पाणी लागले की पहिला प्रश्न विचारतात तो असा: "कुठल्या अंगानं लागलं?" उत्तर येते, "उगवतीच्या अंगानं." अंग म्हणजे शरीर आणि अंग म्हणजे बाजू. बाजू कुठून येते हे गावाच्या बोलीने कधीच ओळखून ठेवले आहे.

उभ्या रेषेविषयी एक समज मनात घट्ट बसलेला असतो. सगळ्या उभ्या रेषा एकमेकींना समांतर असतात, असे आपण धरून चालतो. तसे नाही. प्रत्येक ओळंबा पृथ्वीच्या मध्याकडे बोट दाखवतो. अहिल्यानगर, म्हणजे लोकांच्या तोंडचे अजूनही 'नगर', तिथून पाथर्डी रस्त्याने सुमारे 50 किलोमीटर. नगरच्या किल्ल्याच्या भिंतीला लावलेला ओळंबा आणि पाथर्डीच्या पेठेत बांधकामावर लावलेला ओळंबा यांच्या दिशांत अर्ध्या अंशाला थोडा कमी इतका फरक असतो. दोन्ही गवंडी बरोबर असतात. प्रत्येक जागेचे उभे वेगळे आणि म्हणून प्रत्येक जागेचे आडवेही वेगळे.

गोष्ट इथे संपत नाही. एकोणिसाव्या शतकात जॉर्ज एव्हरेस्ट यांच्या देखरेखीखाली हिंदुस्थानची त्रिकोणमितीय मोजणी चालली होती. हिमालयाच्या अलीकडचे कलियाना आणि मध्य हिंदुस्थानातले कल्याणपूर या दोन ठिकाणांमधले अंतर जमिनीवरून मोजून काढले आणि ताऱ्यांवरूनही काढले. दोन उत्तरांत 5.236 विकलांचा फरक निघाला. इतका बारीक फरक कुणी डोळ्याआड केला असता. कलकत्त्याचे आर्चडीकन जॉन प्रॅट यांनी तो केला नाही. डोंगराने ओळंब्याला बाजूने आपल्याकडे ओढले असणार, हे धरून त्यांनी 1855 च्या सुमारास हिमालयाच्या वस्तुमानाचा हिशोब मांडला, आणि उत्तर सापडलेल्या फरकाच्या जवळजवळ तिप्पट आले. ओढ होती, पण असायला हवी त्याहून फार कमी. त्या तुटीतूनच पुढे डोंगरांच्या मुळाशी हलके द्रव्य असते हा विचार उभा राहिला. मला यातली पहिलीच पायरी पुरते. जगातली सर्वांत निःपक्षपाती वाटणारी गोष्ट म्हणजे ओळंबा, आणि तोही शेजारच्या डोंगराकडे किंचित कलतो. उभ्यालासुद्धा बाजू असते.

मराठीत उभे-आडव्याचा दुसराही एक संसार आहे, आणि त्याचा पृथ्वीच्या ओढीशी संबंध नाही. शब्दकोड्यात 'उभे शब्द' आणि 'आडवे शब्द' असतात. वर्तमानपत्र टेबलावर सपाट पसरलेले असले तरी उभे शब्द उभेच. तिथे उभे म्हणजे वाचणाऱ्याच्या अंगाला धरून लांबीला जाणारे. वारीत उभे रिंगण असते. माउलींच्या पालखीचे पहिले उभे रिंगण तरडगावच्या अलीकडे चांदोबाचा लिंब इथे होते. वारकरी रस्त्याच्या दोन्ही कडांना ओळीने थांबतात आणि मधल्या मोकळ्या वाटेने अश्व धावतो. तिथे आकाशाकडे जाणारे काहीच नसते. रस्त्याच्या लांबीत असते म्हणून ते उभे. शेतकरी रानाला आधी उभी पाळी घालतो, मग आडवी. दोन्ही पाळ्या मातीतच चालतात. उभा जन्म म्हणजे अख्खे आयुष्य, उभा महाराष्ट्र म्हणजे साऱ्या लांबीरुंदीचा महाराष्ट्र. पण ज्या गोष्टीला आपण उभी म्हणू तिची लांबी आधी कुणीतरी ठरवलेली असते. चार एकरांचा चौकोनी तुकडा असेल तर त्यात उभे कुठले आणि आडवे कुठले? पहिले औत ज्या दिशेने घातले ते उभे. बहुतेक वेळा ते आजोबांनी घातलेले असते आणि नातू विचारत नाही.

इथेच चूक होते. पहिले औत उताराला धरून घातले असेल तर प्रत्येक तासातून पावसाचे पाणी माती घेऊन खाली पळते. कृषी खात्याचे लोक कित्येक वर्षे सांगत आले आहेत की नांगरट, पेरणी उताराला आडवी करा. तेव्हा ते 'आडवी' हा शब्द तिन्ही अर्थांनी एकदम वापरत असतात: उताराच्या दिशेला छेदणारी, पाणसळीत राहणारी, आणि पळत्या पाण्याला अडवणारी.

गर्भगिरीच्या उतारावर सलग समतल चर खणताना हे डोळ्यांनी दिसते. दोन काठ्या, त्यांवर सेंटिमीटरच्या खुणा, आणि दोन्ही काठ्यांना बांधलेली एक पारदर्शक नळी, तिच्यात रंगीत पाणी. एक जण काठी रोवून थांबतो. दुसरा काठी घेऊन डोंगराच्या कडेकडेने पुढे जातो. दोन्हींकडचे पाणी एकाच खुणेवर आले पाहिजे. "थोडं वर सरक. अजून. आता खाली ये. हां, थांब!" मग तिथे फक्कीची खूण. अशा खुणा जोडत गेले की वाकडीतिकडी रेष तयार होते. वरून पाहिले तर ती नागमोडी असते आणि पातळीने पाहिले तर काटेकोर आडवी. पहिल्यांदा पाहणाऱ्याला हे पटत नाही, कारण आडवी रेष म्हणजे सरळ रेष असे वहीत शिकलेले असते. चर साधारण 60 सेंटिमीटर रुंद आणि 30 सेंटिमीटर खोल. तो एका टोकाला चार बोटे जरी उतरला तरी सगळे पाणी त्या टोकाला जमते, तिथला भराव फुटतो आणि आडवा चर एका पावसात उभी घळ होऊन जातो. काटेकोर आडवे राहिले तर पाण्याला पळायला दिशा उरत नाही. ते थांबते आणि खाली मुरते. आडव्याच्या मदतीने उभे साधायचे ही युक्ती श्रमदानाला आलेली पोरे एका सकाळीत शिकतात. पुस्तकात ती मी एवढ्या स्पष्टपणे कुठे वाचलेली नाही.

मुरलेले पाणी पुढे कुठे जाते, हा खरा विषय आहे.

आपल्या पायाखालचा खडक सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा आहे. लाव्हा एकावर एक थरांनी पसरला. प्रत्येक थराचा माथा वायूच्या बुडबुड्यांनी सच्छिद्र झाला, पोट मात्र घट्ट राहिले. दोन थरांच्या मध्ये कुठेकुठे गेरूसारखा लाल पट्टा सापडतो. विहीर खणणारे हे वाचायला बसलेले नसतात, पण त्यांच्या तोंडी सगळे असते: वर काळी माती, मग मुरूम, मग मांजऱ्या, मग काळा पाषाण. पाणी असते ते मुरमात, मांजऱ्यात, थराथरांच्या सांध्यात आणि भेगांत. घट्ट काळ्या पाषाणात उभ्या चिरा असतात. त्या उघड्या असल्या तर पाणी खाली उतरते, मिटलेल्या असल्या तर पाणी तिथेच अडते आणि सांध्याच्या वाटेने बाजूला सरकते. धुळे-नंदुरबारकडे खडकात भिंतीसारखे उभे डाइक घुसलेले दिसतात. तिथे बाजूने चाललेले पाणी त्या भिंतीला येऊन थडकते. एका अंगाच्या विहिरी भरलेल्या आणि दुसऱ्या अंगाच्या कोरड्या, असेही होते. पाणी उभे पडते, पण विहिरीत येते ते बहुतांशी बाजूने. हे एक वाक्य प्रत्येक विहिरीच्या कठड्यावर कोरून ठेवावे असे मला वाटते.

ठिबकच्या एका थेंबाकडे पाहिले तरी हेच दिसते. मुरमाड रानात तो सरळ खाली जातो, ओल अरुंद आणि खोल होते. भारी काळ्या मातीत तो जितका खाली जातो तितकाच, कधी जास्त, कडेला पसरतो. म्हणून दोन ड्रीपरमधले अंतर जमिनीवरून ठरवावे लागते. दुकानदाराने सगळ्यांना एकाच अंतराची नळी दिली तर मुरमाड रानातली दोन झाडांमधली जागा कोरडी राहते. डाळिंबाच्या बागेत हा फरक झाडाच्या अंगावर दिसतो.

विहीर आटली की आपण खाली जातो. हे साहजिक आहे. ज्या भांड्यातले पाणी कमी झाले त्याच्या तळाशी हात घालावा, तसे. 200 फूट, 300 फूट, 500 फूट. बोअरवाल्याचे बिल फुटावर असते, आणि शेतकऱ्याचे कर्ज त्या फुटांवर वाढत जाते. भोकाचा आवाज बदलला, धूळ ओली झाली, की सगळे पुढे धावतात. धूळ कोरडीच राहिली की कुणी कुणाकडे बघत नाही. बेसॉल्टमध्ये खोल गेले की अधिक पाणी मिळेलच असे मुळीच नाही. घट्ट थरातून शंभर फूट गेले तर शंभर फूट कोरडी धूळच येते. पण खोलीचा मोह सुटत नाही, कारण खोली आपली असते. माझ्या सातबाऱ्याच्या हद्दीत मी कितीही खाली जावे, कुणाला विचारायचे कारण नाही, असे मनात पक्के बसलेले असते.

ही समजूत हवेतून आलेली नाही. 1882 च्या भारतीय सुविधाधिकार कायद्याच्या सातव्या कलमाखाली उदाहरणे दिली आहेत. त्यांतले एक असे की जमिनीखालचे जे पाणी निश्चित प्रवाहाने वाहत नाही ते आपल्या हद्दीत गोळा करण्याचा आणि वापरण्याचा हक्क जमीनमालकाला आहे. कायद्याने माणसाला सरळ खाली उतरणारा एक स्तंभ देऊन टाकला. जणू हद्दीच्या रेषा खडकातही तितक्याच ठळक आहेत. मात्र त्याच कलमात दुसरे एक उदाहरण आहे आणि त्याची आठवण कुणी काढत नाही. प्रत्येक जमिनीला तिच्या नैसर्गिक स्थितीत खालच्या आणि लगतच्या दुसऱ्याच्या मातीचा आधार मिळण्याचा हक्क आहे, असे ते सांगते. खालचा आधार आणि बाजूचा आधार. माती ढासळू नये म्हणून शेजाऱ्याने हद्दीला लागून खड्डा खणू नये, एवढी समज 1882 साली होती. मातीचा बाजूचा आधार कायद्याला दिसला. पाण्याचा बाजूचा आधार दिसला नाही. तो दिसायला शंभराहून अधिक वर्षे जावी लागली. 1993 च्या महाराष्ट्राच्या कायद्याने सार्वजनिक पिण्याच्या पाण्याच्या स्रोतापासून 500 मीटरच्या आत परवानगीशिवाय विहीर खणायला मनाई केली. म्हणजे बाजू मोजली. 2009 च्या भूजल अधिनियमाने शेतीसाठी आणि उद्योगासाठी 60 मीटरपेक्षा खोल विहीर घ्यायला मनाई केली. म्हणजे उभे मोजले. दोन्ही चांगले झाले. पण शिवारात फिरताना या दोन आकड्यांची आठवण किती जणांना असते ते आपण सगळे जाणतो.

आणि मग आडवे बोअर आले.

आमच्या भागात ते आता नवल राहिलेले नाही. विहिरीच्या तळाशी यंत्र उतरवतात, भिंतीला घट्ट टेकवतात आणि खडकात आडवे भोक पाडत जातात. शंभर फूट, कधी त्याहून पुढे. मांजऱ्याच्या थरात, सांध्याच्या पातळीत ते गेले तर पाणी पिचकारीसारखे फुटते. भोकाला पाइप बसवतात आणि वर माणसे वाकून पाहत राहतात. बोअरवाला विचारतो, "कुठल्या अंगाला मारायचं, आबा?" आबा शिवाराकडे बघतात. ओढा कुठून येतो, जुनी विहीर कुठे होती, पाझर तलाव कुठल्या अंगाला आहे. मग हात करतात. त्या हाताच्या दिशेला बहुधा शेजाऱ्याचे रान असते.

यंत्राच्या दृष्टीने ते बोअर आडवे आहे. पाणसळ लावली तर त्याचा आडवेपणा सिद्ध होईल. पण विहिरीच्या दृष्टीने, शेजाऱ्याच्या दृष्टीने ते बाजूचे आहे. ते कुणाकडून तरी कुणाकडे तरी जाते. 'आडवे' म्हटले की ते भूमितीत राहते आणि मन हलके होते. 'बाजूचे' म्हटले की बांध ओलांडला जातो, भाऊबंदकी जागी होते, दोन चुलतभाऊ आठवतात ज्यांच्या विहिरी चाळीस पावलांवर आहेत. आणि कायद्याचीही अडचण होते. गावाच्या पिण्याच्या विहिरीपासून 510 मीटरवर एकाने विहीर खणली आणि तिच्यातून त्या दिशेने 100 फूट, म्हणजे 30 मीटर, आडवे बोअर मारले. ती विहीर 500 मीटरच्या आत आहे की बाहेर? तिचे तोंड बाहेर आहे आणि तिचा हात आत आहे.

मराठी माणसाने ध्वनीच्या बाबतीत बाजू कधीच विसरलेली नाही. ल आणि ळ या दोन व्यंजनांना भाषाशास्त्रात पार्श्विक म्हणतात. जीभ टाळूला लागते, मधली वाट बंद होते आणि श्वास जिभेच्या कडांवरून निसटतो. ल म्हणताना जिभेचे टोक दातांच्या मागे असते, ळ म्हणताना जीभ मागे वळते. प्रमाण हिंदीला ळ नाही, आपल्याला आहे, कन्नडलाही आहे. गाळ, तळ, ओहोळ, ओल, तलाव: पाण्याचे किती शब्द उच्चारताना श्वासाला मधून जाता येत नाही आणि तो बाजूने जातो! मी यातून काही सिद्ध करीत नाही. पाषाणाने अडलेले पाणी सांध्याच्या वाटेने कसे सरकते हे मुलांना समजावताना मात्र ळ म्हणून पाहा, असे सांगावेसे वाटते.

समाजशास्त्राने उभे-आडवे फार आधी उचलले. रशियातून अमेरिकेत गेलेले पितिरिम सोरोकिन यांनी 1927 च्या आपल्या 'सोशल मोबिलिटी' या ग्रंथात दोन प्रकारची गती सांगितली: माणूस पायरी चढतो किंवा उतरतो ती उभी, आणि पायरी न बदलता जागा बदलतो ती आडवी. पाथर्डीला हे पुस्तक वाचायची गरज नाही. दसरा-दिवाळीच्या सुमारास तालुक्यातल्या वाड्यावस्त्यांवरून कोयता निघतो. कोयता म्हणजे नवराबायकोची जोडी. मुकादमाकडून उचल घेतलेली असते. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत बिऱ्हाड, वर शेळी, कडेला पोरे. शेकडो किलोमीटर जाऊन थळावर कोपी घालायची, पहाटे अंधारात फडात शिरायचे, उभा ऊस आडवा करायचा, मोळ्या बांधायच्या, गाडी भरायची. चार-सहा महिन्यांनी परत. पुढच्या वर्षी पुन्हा. इतकी आडवी गती महाराष्ट्रात क्वचितच कुणाच्या वाट्याला आली असेल, आणि उभी गती इतकी थोडी. उचल फिटत नाही म्हणून पाऊल वर पडत नाही.

पण सोरोकिनच्या त्या दोन रेषांत या घरांचे सगळे जगणे मावत नाही. शाळेतल्या पोरीला सोबत नेले तर वर्ष बुडते. मग ती मागे राहते, कधी आजीजवळ, कधी चुलतीजवळ, कधी ज्यांच्याशी काहीच नाते नाही अशा शेजारणीजवळ. शेजारीण ना वरच्या पायरीवर असते ना खालच्या. तिला स्वतःलाच दोन एकर कोरडवाहू असते. ती बाजूला असते. तिने दोन भाकरी जास्त थापल्या म्हणून एक मुलगी दहावी होते. मातीला बाजूच्या मातीचा आधार असतो असे 1882 चा कायदा म्हणतो तेव्हा मला ही शेजारीण आठवते. सरकारी योजनांच्या कागदांवर लाभार्थी असतो आणि त्याच्यावर अधिकारी असतो. ह्या बाईसाठी त्यात रकाना नाही.

भटक्यांची पंढरी म्हणतात ती मढी याच तालुक्यात. कानिफनाथांच्या यात्रेला होळीपासून रंगपंचमीपर्यंत आणि पुढेही माणसे येतात, गाढवांचा बाजार भरतो. वर्षभर आडवे पांगलेले समाज गडाच्या पायथ्याशी एकत्र येत आणि त्यांच्या जातपंचायती तिथे बसत. समाजशास्त्रज्ञ एम. एन. श्रीनिवास यांनी सांगितलेला भेद इथे दिसतो: जात माणसाला गावोगावच्या जातभाईंशी आडवी जोडते, गाव त्याला इतर जातींशी उभे जोडते. ज्यांना गावच नव्हते त्यांना उभे जोडणारे काही नव्हते, म्हणून आडव्या जोडणीचा भार सगळा पंचायतीवर पडला आणि तिचा काच माणसांना, विशेषतः बायकांना, फार सोसावा लागला. निव्वळ आडवे असणे म्हणजे समान असणे नव्हे, हे तिथे शिकायला मिळते.

पाथर्डीच्या अभ्यासिकांत बसलेल्या मुलामुलींना या शब्दांचा आणखी एक अर्थ पाठ असतो. 1992 च्या इंद्रा साहनी निकालात सर्वोच्च न्यायालयाने सामाजिक आरक्षणाला उभे म्हटले आणि महिला, अपंग यांच्यासारख्यांच्या आरक्षणाला आडवे, कारण ते प्रत्येक उभ्या प्रवर्गाला छेदून जाते. महाराष्ट्रात त्याला 'समांतर आरक्षण' हे नाव रूढ झाले. समांतर रेषा तर कधी भेटत नाहीत, आणि इथे सगळे भेटण्यावरच आहे. हा घोळ नुसता शब्दाचा राहिला नाही. राखीव प्रवर्गातल्या गुणवान मुलीला महिलांच्या खुल्या जागेवर हक्क आहे की नाही, यावर देशात ठिकठिकाणी वर्षानुवर्षे खटले चालले. 2020 साली उत्तर प्रदेशच्या पोलीस भरतीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो हक्क स्पष्टपणे मान्य केला. दरम्यान कितीतरी मुलींची वयोमर्यादा उलटून गेली होती.

'लॅटरल एन्ट्री' मात्र वेगळीच. पदविका झालेला मुलगा अभियांत्रिकीच्या थेट दुसऱ्या वर्षात येतो ती बाजूची वाट, आणि गावाकडच्या मुलांना तिने मोठा हात दिला आहे. केंद्र सरकारच्या वरच्या पदांवर बाहेरून थेट माणसे घ्यायची तीही बाजूचीच वाट. ऑगस्ट 2024 मध्ये 45 पदांची तशी जाहिरात निघाली आणि आरक्षण कुठे आहे या प्रश्नावर काही दिवसांत मागे घेतली गेली. बाजूची वाट कुणासाठी उघडते आणि कुणाला ओलांडून जाते, हे दर वेळी विचारावे लागते. उभ्या शिडीला निदान पायऱ्या दिसतात.

पुन्हा विहिरीकडे येतो, कारण माझी काळजी तिथे आहे. आमच्याच जिल्ह्यातल्या हिवरे बाजारने शेतीसाठी बोअर घ्यायला गावानेच बंदी केली आणि दरवर्षी पाण्याचा ताळेबंद ग्रामसभेत मांडायची सवय लावली. पाऊस किती पडला, मुरला किती, पिकांना किती द्यायचा. तिथे खोलीवर बंधन आले, कारण पाणी बाजूने सगळ्यांचे आहे हे गावाने मान्य केले. आपल्याकडे पीकपाहणीत विहीर असते, बोअर असते, पिकाचे क्षेत्र असते. आडव्या बोअरची दिशा आणि लांबी कुठेच नसते. कुणाच्या विहिरीतून कुठल्या अंगाला किती फुटांचे भोक गेले आहे हे त्या आबांना माहीत असते, बोअरवाल्याला माहीत असते, आणि शेजाऱ्याला त्याची विहीर उपसल्यावर कळते.

गावाच्या नकाशावर ओढे निळ्या रेषांनी आणि बांध काळ्या रेषांनी दाखवलेले असतात. त्याच नकाशावर प्रत्येक विहिरीच्या ठिपक्यापासून तिची आडवी बोअरे लाल रेषांनी काढावीत, दिशेसह आणि फुटांसह, आणि तो कागद ग्रामसभेत टांगावा. काम एका उन्हाळ्याचे आहे. बोअरवाल्यांच्या वह्या आहेत, शेतकऱ्यांच्या आठवणी ताज्या आहेत, आणि शाळेतल्या मुलांना नकाशा काढता येतो. कुणाची लाल रेष कुणाच्या काळ्या रेषेखालून गेली आहे ते सगळ्यांच्या समोर दिसू द्या. मग पुढच्या बोअरला हात कुठल्या अंगाला करायचा, ते ठरवायला आबा एकटे नसतील.